पिसलेला डाव

दिवाळीच्या पाडव्याला बलिप्रतिपदा म्हणतात हे घरातल्या लहानग्यांनाही ठाऊक असते. पण त्याच दिवसाचे 'द्यूतप्रतिपदा' हे दुसरे नाव आपण जरा दबक्या आवाजातच घेतो. या दिवशी शिवपार्वती फासे टाकून खेळले आणि प्रत्यक्ष महादेव हरले, अशी कथा आहे. एरवी जुगाराच्या नावाने कानांवर हात ठेवणाऱ्या आपल्या शास्त्रकारांनी एवढ्या एका दिवसापुरती डोळेझाक केली, आणि त्या दिवशीच्या हारजितीवरून वर्षाचे नशीब ओळखावे अशी पुस्तीही जोडली. वर्षभर माणूस घडी बसवीत असतो. फराळाचे डबे, जमाखर्चाच्या वह्या, मुलांचे अभ्यास, सारे जागच्या जागी लागावे म्हणून त्याचा आटापिटा चाललेला असतो. अशा माणसाला एखादा दिवस तरी ती घडी मोडून, पत्ते पिसून, 'आता काय येते ते पाहू' असे म्हणावेसे वाटते. ही ओढ फार जुनी आहे.

ह्या ओढीचा एक अगदी अलीकडचा अवतार आज आपल्याच घरांतून, आपल्याच मुला-नातवंडांच्या हातांत खेळत असतो. तीस वर्षांपूर्वीचा, हातात धरून खेळायचा एक जपानी व्हिडिओ गेम घ्यायचा, तो संगणकावर किंवा फोनवर चालेल अशी तजवीज करायची आणि खेळण्यापूर्वी त्याच्या पोटातले सगळे पत्ते पिसून टाकायचे. ओळखीच्या रस्त्यावर अनोळखी प्राणी भेटावेत, पहिल्या पेटीत निघायची वस्तू शेवटच्या पेटीत निघावी, दुबळा समजलेला प्रतिस्पर्धी एकदम महाबलाढ्य व्हावा. या उद्योगाला 'रँडमायझर' म्हणतात आणि जुन्या यंत्राचे सोंग आणणाऱ्या कार्यक्रमाला 'एम्युलेटर'. ऐकायला हा सगळा पोरखेळ वाटतो, आणि आहेही. पण त्याचे धागे उकलू लागले की इतिहासाची बरीच मोठी गुंडाळी हातात येते. तिचे एक टोक तर आपल्या गोव्याच्या बंदरापर्यंत पोचते.

इ. स. १५४३ मध्ये पोर्तुगीज प्रथम जपानच्या दक्षिणेकडील तानेगाशिमा बेटावर उतरले. सहा वर्षांनी, १५४९ साली, फ्रान्सिस झेवियर गोव्याहून निघून कागोशिमाला पोचला. या ये-जा करणाऱ्या गलबतांनी बंदुका नेल्या, धर्म नेला आणि खलाशांच्या खिशांतून पत्त्यांचे जोडही नेले. आपल्या मराठीत जसा 'पाव' आला आणि 'चावी' आली, तसा जपानी भाषेत पावासाठी 'पान' हा शब्द आला आणि पत्त्यांसाठी 'कारुता'. मूळ पोर्तुगीज 'कार्ता'. एकाच व्यापारी वाटेवरच्या दोन दूरच्या गावांनी एकाच दुकानातून माल घेतल्यासारखा हा प्रकार आहे.

पुढे जपानने परकीयांना दारे लावून घेतली, आणि जुगाराला आळा घालण्यासाठी राज्यकर्त्यांनी पत्त्यांवर वेळोवेळी बंदी आणली. पण पत्ते करणारे कारागीर वस्ताद. बंदी आली की चित्रे बदलायची, चित्रे ओळखीची झाली की पुन्हा बंदी, असा पाठशिवणीचा खेळ दीर्घ काळ चालला. त्यातूनच 'हानाफुदा', म्हणजे फुलांचे पत्ते, हा देखणा प्रकार रूढ झाला. त्यात ४८ पाने असतात. वर्षाचे बारा महिने, प्रत्येक महिन्याचे एक झाड वा फूल, आणि प्रत्येकाची चार पाने. जानेवारीला पाइन आणि क्रौंच, मार्चला चेरीचा बहर, सप्टेंबरला शेवंती, ऑक्टोबरला लाल पानांचे मेपल आणि हरिण. पानांवर आकडा नाही. जणू पंचांगच पिसून हातात धरावे.

मेजी राजवटीत हे निर्बंध सैल झाले आणि १८८९ साली क्योटो शहरात फुसाजिरो यामाउची नावाच्या गृहस्थाने हानाफुदा तयार करून विकणारे एक दुकान काढले. त्या दुकानाचे नाव निन्तेंदो. या नावातील अक्षरांचा अर्थ 'नशीब दैवावर सोपवावे' असा सामान्यतः सांगितला जातो. अर्थ कसाही लावा; पत्ते विकणाऱ्या दुकानाला तो शोभून दिसतो हे खरे.

साठ-सत्तर वर्षे हे घराणे पत्तेच करीत राहिले. १९४९ मध्ये हिरोशी यामाउची या तरुण वंशजाच्या हाती सूत्रे आली. त्याने १९५३ साली प्लॅस्टिकचे पत्ते काढले आणि १९५९ मध्ये त्यांच्यावर डिस्नेची चित्रे छापून, जुगाराच्या अड्ड्यावरचा हा माल सोवळा करून घराघरांत नेला. १९६५ साली या कारखान्यात गुनपेई योकोई नावाचा, क्योटोचाच, चोवीस वर्षांचा पदवीधर नोकरीला लागला. काम कोणते? तर पत्ते तयार करणाऱ्या यंत्रांची देखभाल. फावल्या वेळात त्याने लाकडी कैच्यांच्या साखळीचा एक लांबणारा हात बनवला होता. तो मालकाच्या दृष्टीस पडला. कानउघाडणी व्हायच्या ऐवजी त्याला हुकूम झाला की याचे खेळणे कर. १९६६ मध्ये 'अल्ट्रा हँड' या नावाने ते बाजारात आले आणि दहा लाखांवर खपले. तेलाची बुदली घेऊन यंत्रांभोवती फिरणारा माणूस खेळण्यांचा कल्पक झाला.

योकोईचे एक सूत्र प्रसिद्ध आहे. नवे, महागडे तंत्र हाती घेण्यापेक्षा जे जुने होऊन स्वस्त झाले आहे, ज्याचे गुणदोष सगळ्यांना ठाऊक आहेत, ते उचलावे आणि त्याचा कोणी न केलेला उपयोग करावा. त्याला तो 'सुकलेले तंत्र' म्हणे. आपल्या आज्या उरलेल्या पोळ्यांचा कुस्करा करीत, त्यामागेही हेच तत्त्वज्ञान होते. फक्त त्यांनी त्याला सूत्राचे नाव दिले नाही. आगगाडीत एक नोकरदार कंटाळून आपल्या गणकयंत्राची बटणे दाबीत बसलेला त्याने पाहिला, आणि त्यावरून १९८० साली हातात मावणारा, गणकयंत्राच्याच पडद्याचा 'गेम अँड वॉच' आला. त्याच विचाराचे पक्व फळ म्हणजे २१ एप्रिल १९८९ रोजी जपानात निघालेला 'गेमबॉय'.

या यंत्राची कुंडली मांडली तर हसू येईल. १६० आडवे आणि १४४ उभे ठिपके एवढा पडदा. रंग नाहीत, हिरवट पाटीवर फिक्या-गडद चार छटा. मागून दिवा नाही. काम करण्यापुरती स्मृती आठ किलोबाइट. प्रतिस्पर्ध्यांनी लौकरच रंगीत, उजळ पडद्याची यंत्रे काढली. पण ती सहा सेल पाहता पाहता खाऊन टाकीत, आणि हा चार सेलांवर पंधरा-पंधरा तास चाले. शिवाय अमेरिकेत त्याच्यासोबत 'टेट्रिस' दिलेला होता. मॉस्कोतल्या विज्ञान अकादमीत अलेक्सेई पाजितनोव्ह याने १९८४ साली रचलेला, पडत्या ठोकळ्यांच्या ओळी लावायचा तो खेळ. आपल्याकडे खरा गेमबॉय फार थोड्या घरांत आला; पण जत्रेत नि रस्त्यावर मिळणारा, एकात हजारो खेळ असल्याची थाप मारणारा 'ब्रिक गेम' ज्यांनी दिवाळीच्या सुट्टीत भावंडांशी भांडून खेळला, त्यांना या ठोकळ्यांची ओळख नव्याने करून द्यायला नको. गेमबॉय आणि त्याचा पुढचा रंगीत भाऊ मिळून जगात ११ कोटी ८६ लाखांहून अधिक विकले गेले. सुकलेल्या तंत्राला असा मोहर आला.

आता या कथेत दुसरा माणूस येतो. सातोशी ताजिरी हा १९६५ चा. तोक्योच्या शेजारच्या माचिदा भागात तो वाढला, आणि लहानपणी किडे गोळा करण्याचा त्याला इतका नाद, की सोबतची मुले त्याला किडेपंडित म्हणत. पुढे ओढे बुजले, झाडी गेली, घरे आली. आपल्याकडे पुण्या-ठाण्याच्या कडेला ज्यांचे बालपण गेले त्यांनी हे डोळ्यांनी पाहिले आहे. ताजिरीने १९८३ मध्ये व्हिडिओ गेमांविषयी 'गेम फ्रीक' नावाचे एक घरगुती नियतकालिक काढले. १९८९ च्या एप्रिलात, गेमबॉय निघाला त्याच महिन्यात, त्याच नावाची कंपनी स्थापन झाली. गेमबॉयच्या दोन यंत्रांना जोडणारी एक तार असे. त्या तारेतून एक किडा सरपटत या यंत्रातून त्या यंत्रात चालला आहे, असे त्याला दिसले. त्यातून जो खेळ सुचला तो पुरा व्हायला सहा वर्षे लागली. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी तो लाल आणि हिरवा अशा दोन रूपांत प्रसिद्ध झाला. त्याचे नाव 'पोकेमॉन'.

गवतातून हिंडावे, निरनिराळे प्राणी पकडावेत, त्यांना पाळून वाढवावे आणि झुंजवावे, एवढाच हा खेळ. पण त्यात एक मेख होती. काही प्राणी फक्त लाल कॅसेटमध्ये, काही फक्त हिरवीत. चार प्राणी तर असे, की ते तारेवरून दुसऱ्याच्या यंत्रात गेल्याशिवाय त्यांचे रूपांतर पुरे होत नाही. म्हणजे सगळा संग्रह करायचा तर दुसरे मूल गाठायलाच हवे. एकलकोंड्या यंत्रावर रचलेला हा खेळ मुळात शेजारधर्माचा होता. प्राण्यांची संख्या अधिकृतपणे १५०. खेळ पूर्ण होत आल्यावर तपासणीसाठी ठेवलेली साधने काढली, जेमतेम तीनशे बाइट जागा रिकामी झाली, आणि शिगेकी मोरिमोतो या कारागिराने तेवढ्या बोळकांडीत 'म्यू' नावाचा १५१ वा प्राणी गुपचूप दडवला. पुढे १९९६ मध्ये तो मिळवण्यासाठी एका मुलांच्या मासिकाने सोडत काढली. हजारो अर्जांतून वीस जणांना तो मिळाला. पत्त्यांच्या घराण्याचा गुण असा वारंवार डोके वर काढतो.

आपल्या मुलांना या प्राण्यांची ओळख बहुधा यंत्रावरून झाली नाही; ती झाली दूरदर्शनसंचावरच्या हिंदीत बोलणाऱ्या चित्रमालिकेतून. पुढे संगणक घरात आला, आणि त्यावर हा खेळ फुकट चालतो असा शोध कोणा मित्राने लावून दिला. कित्येकांच्या हातात गेमबॉय कधीच आला नाही. त्याचे सोंगच काय ते त्यांनी पाहिले.

हे सोंग कसे वठते ते पाहण्यासारखे आहे. आपल्याकडे बहुरूपी येत असत. आज फौजदार, उद्या वैद्य, परवा साधू. उत्तम बहुरूपी केवळ पोशाख चढवीत नाही. फौजदार ज्या प्रश्नाला जसे उत्तर देईल तसेच देतो, ज्या ठिकाणी थांबेल तिथेच थांबतो. एम्युलेटर हा संगणकाचा बहुरूपी होय. गेमबॉयच्या मेंदूला कळणाऱ्या आज्ञा ठराविक. त्यांतली एकेक आज्ञा तो वाचतो, मूळ यंत्राने जे केले असते ते स्मृतीत करून दाखवतो, आणि सेकंदाला सुमारे साठ वेळा पडदा रंगवतो. मूळ यंत्राचा काळठोका सेकंदाला ४१,९४,३०४ वेळा पडे. बहुरूप्यालाही तोच ताल धरावा लागतो, नाहीतर गाणे बेसूर होते. ही कला मुलांनी शोधलेली नाही. आयबीएम कंपनीने १९६४ साली सिस्टिम ३६० ही नवी यंत्रमालिका जाहीर केली, तेव्हा जुन्या १४०१ यंत्रासाठी लिहिलेली कामे गिऱ्हाइकांना टाकून द्यावी लागू नयेत म्हणून हीच युक्ती योजली होती. व्यापाऱ्यांच्या जमाखर्चासाठी निघालेली वाट पुढे मुलांच्या खेळासाठी रुळली.

आता पिसण्याकडे येऊ. पोकेमॉनच्या कॅसेटमध्ये प्रत्येक रस्त्यासाठी दहा घरांची एक यादी असते. गवतात पाऊल टाकले आणि प्राणी भेटायचाच ठरला, की दहापैकी कोणत्या घरातला यायचा ते यंत्र सोडतीने ठरवते. २५६ चिठ्ठ्यांपैकी पहिल्या दोन घरांच्या ५१-५१, तिसऱ्याच्या ३९, पुढच्या तिघांच्या २५-२५, मग दोघांच्या १३-१३, नवव्याच्या ११ आणि दहाव्याच्या अवघ्या ३. दुर्मीळ प्राणी दुर्मीळ का, याचे उत्तर या तीन चिठ्ठ्यांत आहे. आणि ही सोडत काढते कोण? यंत्राला स्वतःचे दैव नसते. गेमबॉयमध्ये एक बारीक मोजणी सतत चाललेली असते, सेकंदाला १६,३८४ अंक. खेळ तिच्याकडे पाहून आपला आकडा बनवतो. आणि ती मोजणी कोठे असताना पाहणे घडेल, हे आपण बटण केव्हा दाबले, किती रेंगाळलो, यावर बरेचसे अवलंबून असते. म्हणजे दैव म्हणून जे समोर येते ते आपल्याच अंगठ्याच्या चुळबुळीचे फळ!

ही झाली खेळाच्या आतली सोडत. रँडमायझर तिला हात लावीत नाही. तो ती दहा घरेच बदलतो. कॅसेटची प्रत म्हणजे शेवटी आकड्यांची एक लांबलचक रांग. तीत प्रत्येक प्राण्याला एक क्रमांक आहे. हे क्रमांक प्राण्यांच्या अधिकृत यादीप्रमाणे नसून अंतर्गत आहेत. यादीत पहिला असलेला बल्बसॉर आत १५३ वा आहे. आतला पहिला ऱ्हायडन. आणि १९० जागांपैकी ३९ रिकाम्या. रँडमायझर हे सगळे टिपण जवळ ठेवतो, घराघरांतून जुना क्रमांक काढून नवा बसवतो, आणि पिसलेली प्रत आपल्या हाती देतो. मग खेळाच्या आरंभी प्राध्यापक ओक ज्या तिघांपैकी एक निवडायला सांगतात, ते बल्बसॉर, चारमँडर, स्क्विर्टल नसून कोणीही तिघे असतात. पहिल्या रस्त्यावर जेथे बिचारे पिजी पाखरू आणि रटाटा उंदीर यांखेरीज काही नसायचे, तेथे साक्षात ड्रॅगन उभा ठाकतो.

या तिघांच्या किती तऱ्हा होतील? १५१ पैकी पहिला, उरलेल्या १५० पैकी दुसरा, १४९ पैकी तिसरा, गुणाकार ३३,७४,८५०. येथे मराठी वाचकाला भास्कराचार्य आठवायला हरकत नाही. चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखाने ज्याच्या घराण्याचे नाव आपल्या भूमीशी जोडले गेले आहे, त्या या गणित्याने ११५० च्या सुमारास 'लीलावती'त अंकपाश नावाचे प्रकरण घातले. त्यात त्याने विचारले आहे की शंभूच्या दहा हातांतली दहा आयुधे आपापसांत बदलली तर किती मूर्तिभेद होतील. उत्तर ३६,२८,८००. विष्णूच्या चार हातांचे मात्र चोवीसच. शंकराची रूपे आणि प्राध्यापक ओकांच्या टेबलावरची त्रिकुटे यांच्या संख्या जवळजवळ शेजारी बसाव्यात, हा निव्वळ योगायोग. पण प्रश्न मात्र तोच आहे. जागा ठरलेल्या, वस्तू ठरलेल्या, आणि अदलाबदलीने जग नवे.

मात्र नुसते पिसून भागत नाही. खेळात एका ठिकाणी वाट अडवणारे झुडूप असते. ते तोडायची विद्या एखाद्या प्राण्याला शिकवल्याशिवाय पुढे जाता येत नाही. पाणी ओलांडायची विद्या वेगळी. या विद्याच अशा जागी जाऊन पडल्या, की जेथे पोचायला त्याच विद्या लागतात, तर खेळणाऱ्याचा अभिमन्यू होतो. म्हणून चांगला रँडमायझर काही पाने बाजूला काढून ठेवतो, किंवा पिसल्यावर वाट शेवटपर्यंत जाते ना, हे तपासून घेतो. तारेवाचून न बदलणाऱ्या त्या चार प्राण्यांसाठीही तो सोय करतो. ते ठराविक वाढीनंतर आपोआप बदलतील असे करता येते. २०१० नंतरच्या दशकात 'युनिव्हर्सल पोकेमॉन रँडमायझर' नावाने जे साधन सर्वत्र पसरले, त्याला एवढी लोकप्रियता मिळाली ती या तारतम्यामुळेही. अंदाधुंदीलाही व्यवस्थापक लागतो, हे संसारी वाचकांना पटायला वेळ लागू नये.

येथे एक आक्षेप घ्यायलाच हवा. ताजिरी आणि त्याच्या सोबत्यांनी सहा वर्षे खपून जी रचना केली, ती अशी विस्कटणे म्हणजे कारागिराचा अपमान नव्हे काय? पहिल्या रस्त्यावर दुबळे पाखरू ठेवण्यात त्यांची दृष्टी होती. मुलाने हळूहळू चालायला शिकावे, पहिली मोठी झुंज खडकाच्या प्राण्यांशी असावी, म्हणजे कोणता गुण कशावर भारी पडतो हे त्याला कळावे. पिसल्यावर हे शिक्षण गेले. आक्षेप खरा आहे. पण अनुभव असा, की जो हा खेळ कधीच खेळला नाही त्याला पिसलेल्या डावात गोडी वाटत नाही. गोडी वाटते ती ज्याला मूळ डाव तोंडपाठ आहे त्याला. ड्रॅगन पाहून दचकतो तोच, ज्याला तिथे पाखरू असायला हवे हे ठाऊक आहे. जागा बदलल्यावर मूळ जागेमागची योजना त्याला पहिल्यांदा जाणवते. घरातली माणसे लग्नाला गेली म्हणजे कोण कोणते काम निमूटपणे करीत होते ते कळते, तसे. पिसणारा हा बहुधा मूळ खेळाचा सर्वांत निष्ठावंत वाचक असतो.

दुसरा आक्षेप कायद्याचा, आणि तो अधिक अवघड. बहुरूप्याचे सोंग हा गुन्हा नाही; अमेरिकेच्या अपील न्यायालयाने २००० साली सोनी विरुद्ध कनेक्टिक्स या खटल्यात असे यंत्र-सोंग रचण्यासाठी केलेला मूळ यंत्राचा अभ्यास न्याय्य ठरवला. पण खेळाची प्रत ही दुसऱ्याच्या मालकीची. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातही संगणक-कार्यक्रमाची प्रत ज्याच्याजवळ रीतसर आहे त्याला नाशापासून संरक्षणापुरती जादा प्रत करण्याची मुभा दिली आहे. कोणाचीही प्रत कोणालाही वाटण्याची नाही. निन्तेंदो या बाबतीत कडक आहे. 'युझू' नावाच्या, तिच्या नव्या यंत्राचे सोंग करणाऱ्या एम्युलेटरच्या कर्त्यांना २०२४ मध्ये २४ लाख डॉलर देऊन तडजोड करावी लागली. कारागिरांची चूल त्यांच्या कृतीवर पेटते. तेव्हा या कडकपणाला केवळ लोभ म्हणून मोकळे होता येत नाही.

पण नाण्याची दुसरी बाजूही पाहावी. त्या जुन्या कॅसेटांत खेळलेला डाव जपून ठेवण्यासाठी एक बटणाएवढी बॅटरी असे. वीस-पंचवीस वर्षांत ती मरते, आणि तिच्याबरोबर कोणा मुलाने सुट्टीभर खपून जमवलेली सारी प्राणिसंपदा पुसली जाते. निन्तेंदोने २७ फेब्रुवारी २०१६ रोजी, विसाव्या वाढदिवशी, स्वतःच एम्युलेटर वापरून हा जुना खेळ आपल्या नव्या यंत्रावर विकायला काढला. त्या यंत्राचे ते दुकान २७ मार्च २०२३ रोजी बंद झाले. त्याच वर्षी अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने पाहणी करून सांगितले, की त्या देशात प्रसिद्ध झालेल्या जुन्या व्हिडिओ गेमांपैकी ८७ टक्के आता बाजारात मिळत नाहीत. पुस्तक छापणे बंद झाले तरी ग्रंथालयात राहते. यंत्राला बांधलेला खेळ यंत्राबरोबर सती जातो. बहुरूपी नसता तर बहुतेक गेलेच असते.

आणि खेळ नुसता जतन होऊन भागत नाही. आपल्या सावंतवाडीची गंजिफा घ्या. गोल, लाखेची चकाकी असलेली, हाताने रंगवलेली पाने. दशावतारीच्या डावात दहा अवतारांच्या दहा रंगांची १२० पाने. ही कला विझत आली असता १९७० च्या दशकात राजेसाहेब शिवरामराजे आणि राणीसाहेब सत्त्वशीलादेवी भोसले यांनी उरल्यासुरल्या वृद्ध चिताऱ्याकडून ती समजून घेऊन राजवाड्यात पुन्हा उभी केली, हे त्यांचे ऋण मोठे आहे. आज ती पाने दिवाणखान्यांत आणि संग्रहालयांत मानाने मांडलेली दिसतात. पण ती हातात घेऊन डाव मांडणारे किती? कोणाची उतारी, दिवसा कोणता अवतार आणि रात्री कोणता, हे सांगणारी माणसे फार थोडी राहिली. पाने जिवंत आहेत. खेळ मात्र भिंतीवर टांगला गेला. पत्त्यांचा जीव चित्रात नसतो, तो पिसण्यात असतो.

ज्या मुलांनी, म्हणजे आता तिशी-चाळिशीला आलेल्या गृहस्थांनी, एका जुन्या जपानी खेळाचे पत्ते पुन्हा पिसायला घेतले, त्यांनी नकळत हे साधले आहे. राहता राहिला शेजारधर्म. एम्युलेटरवर तार नाही, समोर दुसरे मूल नाही. ताजिरीचा किडा सरपटत जायचा कोठे? त्याचीही तोड खेळणाऱ्यांनी काढली. रँडमायझर प्रत्येक पिसणीला एक आकडा देतो. त्याला ते 'सीड', म्हणजे बीज म्हणतात. तेच साधन, त्याच निवडी आणि तेच बीज असेल तर पिसणी हुबेहूब तीच होते. तेव्हा नागपूरचा एक आणि न्यू जर्सीतला दुसरा, असे दोघे मित्र आधी बीज ठरवून घेतात. दोघांच्याही पहिल्या रस्त्यावर तोच अनपेक्षित प्राणी उभा असतो. कोण आधी पोचतो याची शर्यत लागते, आणि रात्री फोनवर 'तुला तिथे काय भेटले?' याची चर्चा रंगते. उत्तर दोघांनाही ठाऊक असते. चर्चा उत्तरासाठी नसतेच.

योकोई १९९६ च्या ऑगस्टात निन्तेंदोमधून बाहेर पडला आणि ४ ऑक्टोबर १९९७ रोजी रस्त्यावरील अपघातात गेला. त्याच्या यंत्राचे सोंग आज कोणत्याही फोनवर वठते. क्योटोचे ते घराणे अजूनही हानाफुदाचे जोड विकते. तेव्हा या पाडव्याला घरातले कोणी कोपऱ्यात फोन घेऊन बसलेले दिसले, तर रागावण्यापूर्वी त्याला एवढेच विचारावे, की बाबा रे, बीज कोणते घेतले आहेस? कदाचित तो आपल्यालाही एक पान वाटेल.